पलीकडच्या शेळगावचा निरोप

परवा नातीनं मला बारामतीला पिक्चरला नेलं. थंडगार हॉल, मांडीवर मक्याच्या लाह्यांचा डबा आणि पडद्यावर एकच माणूस चार-पाच पृथ्व्यांवर चार-पाच तऱ्हांनी जगणारा. एकीवर तो राजा, एकीवर चोर, एकीवर नुसताच पोट सुटलेला कारकून. मध्यंतरात नात मला समजावायला लागली. म्हणाली, आजी, आपल्यासारखीच आणखी विश्वं असतात असं धरायचं. त्यांत आपणच असतो, पण एखाद्या वळणावर आपण वेगळं काहीतरी केलेलं असतं. ती इतकं हळू आणि सोपं बोलत होती, की मी तिला लहानपणी चुलीपासून लांब बस म्हणून सांगायचे त्याची आठवण झाली. मी मान डोलावली. गुडघे ठणकत होते आणि तो गारवा हाडात शिरला होता. तिला काय सांगणार, की बाई, असलं एक विश्व मी एकटीनं एक हिवाळाभर चालवलंय. शेळगावात, भाकऱ्या थापता थापता. आणि बघायला तिकीट नव्हतं.

नव्वद सालानंतरची गोष्ट आहे. तेव्हाची मी म्हणजे एक नमुनाच होते. वडगाव निंबाळकरचं माहेर, दहावी पास, पुढं डी.एड. करून मास्तरीण व्हायचं डोक्यात. फॉर्म भरायच्या आधी लग्न ठरलं, तर त्याचं दुःख मी एखादा दागिना मिरवावा तसं वर्षानुवर्षं मिरवलं. कुठल्याशा दिवाळी अंकात चंद्रावरच्या वस्तीची एक गोष्ट वाचली होती, तेवढ्यावर मी स्वतःला विज्ञानातली समजायची. शेजारणी ‘हाय’ म्हणायच्या तिथं मी ‘आहे’ म्हणायची, आणि तेसुद्धा शेण काढताना. म्हशीलाही माझी शुद्ध भाषा कळायची नाही, ती आपली शेपटी मारायची. आता ती बाई समोर आली तर मी तिला पाट देईन, चहा देईन आणि म्हणेन, बस बाई घटकाभर, किती ताठ उभी राहशील.

सासरची माणसं पिढ्यान्‌पिढ्या मेंढरांमागं चालणारी. माझ्या माहेरच्यांनी ते केव्हाच सोडलं होतं, त्यामुळं मला मेंढरातलं काही कळत नव्हतं. इथं मात्र सासऱ्यांचा वाडा होता. वाडा म्हणजे घर नव्हे. मेंढरं, कुत्री, सामानाची घोडी आणि चार माणसं मिळून चालणारं बिऱ्हाड. दिवाळी झाली की तो घाट उतरून कोकणात जायचा आणि पावसाच्या आधी परत यायचा. सासऱ्यांना सगळे आबा म्हणायचे. सासूबाई माझ्या लग्नाआधीच गेलेल्या. माझा नवरा दोन-चार वर्षं बापाबरोबर चालला, मग बारामतीच्या एमआयडीसीत दुधाच्या कारखान्यात चिकटला. रोज मोटरसायकलवर जायचा आणि यायचा, अंगाला दुधाच्या पावडरीचा वास घेऊन. तो कायम झाला आणि आबांच्या हाताखालचा गडी त्याच वर्षी सोडून गेला. एकट्या म्हाताऱ्याला वाडा झेपेना. मुलाचा विचार पक्का होता, की आता बास. दसऱ्याच्या आसपास मेंढरं विकली. आबांनी कोणाला शिवी दिली नाही की डोळे पुसले नाहीत. त्यांनी फक्त मुलाशी बोलणं बंद केलं आणि आपली बाज रिकाम्या काट्याच्या कुंपणाशेजारी लिंबाखाली नेऊन टाकली.

आमचं नवं घर होतं. दोन खोल्या, वर स्लॅब. त्या स्लॅबखाली आबा झोपायला तयार नव्हते. म्हणायचे, छाताडावर कुणी बसल्यागत होतं. जन्मभर उघड्यावर झोपलेला माणूस, त्यात नवल नव्हतं. पण त्या वर्षी थंडी लवकर पडली आणि त्यांना खोकला धरला. इंदापूरच्या डॉक्टरांनी छाती तपासली आणि मला बाजूला घेऊन सांगितलं, कफ भरलाय, वय झालंय, हा हिवाळा काढायचा असेल तर यांना भिंतीच्या आत घ्या. मी घरी येऊन नवऱ्याला सांगितलं. तो गेला बापाजवळ. बापानं तोंड फिरवलं. तो परत आला आणि जेवायला बसला. म्हणजे आता हे माझ्या गळ्यात.

त्या घरात सगळं शेवटी माझ्याच गळ्यात यायचं. पहाटे धार, मग डबा, मग पोरं, मग रान, परत धार. मला त्या दिवसांतलं आनंदाचं किंवा दुःखाचं फार आठवत नाही. दमलेपण आठवतं. पाठीच्या मणक्यात एक जागा होती, तिथं ते राहायला आलं होतं आणि ते आजतागायत भाडेकरूसारखं उठलेलं नाही.

आठवड्यात माझं स्वतःचं असं एकच होतं, रविवारची मालिका. नवऱ्याची सुट्टी गुरुवारी, त्यामुळं रविवारी टीव्हीवर माझं राज्य. काळापांढरा टीव्ही, लाकडी सरकत्या दाराचा. मालिका हिंदी. एक शास्त्रज्ञ चंदेरी कागद चिकटवलेल्या कपाटात शिरायचा, दिवे लुकलुकायचे, धूर निघायचा, की तो दुसऱ्या पृथ्वीवर. तिथं त्याचंच गाव, त्याचीच बायको, पण ती त्याला ओळखत नाही, कारण तिथं त्यानं तिला मागणीच घातलेली नाही. पलीकडचं आभाळ हिरवं आहे, असं तो दर वेळी सांगायचा. आमच्या टीव्हीत दोन्हीकडची आभाळं करडीच, तेव्हा त्याच्या शब्दावर विश्वास ठेवायचा. मी परात पुढ्यात घेऊन बघायची आणि त्या धुरात स्वतःला सोडून द्यायची. माझी दुसरी पृथ्वी तयारच होती. तिथं मी इंदापूरच्या शाळेत मास्तरीण होते. खळ लावलेली साडी, डोक्यावर पंखा, पुढं पोरं हात जोडून. तिथल्या मला म्हैस नव्हती.

एका रविवारी ओट्याजवळून आवाज आला. आबा ऊन खात बसले होते. मेंढरं गेल्यापासून त्यांनी मला फार तर पाणी मागितलं असेल. त्यांनी विचारलं, “काय म्हणत्यात ती?”

हिंदी त्यांना येत नव्हती. मी आपली बाईसाहेबांच्या थाटात समजावायला लागले, जशी परवा नात मला. म्हटलं, आपल्यासारखीच दुसरी पृथ्वी आहे. तिथं सगळं असंच, फक्त माणसांनी वेगळं ठरवलेलं. आबा म्हणाले, “म्हंजे तितं शेळगाव असंल.”

मी म्हटलं, असणार.

“मंग मेंढरं?”

आता टीव्हीवर तर कुठलंसं मोठं शहर दाखवत होते. पण मी इतकी दमले होते, की खरं बोलायला जेवढं बळ लागतं तेवढंही माझ्यात नव्हतं. म्हटलं, “हायती.” माझ्या तोंडून पहिल्यांदा निघालेला तो शब्द.

पुढच्या रविवारी ते ओट्यावर येऊन बसले होते, मालिका सुरू व्हायच्या आधीच. आणि इथं मला एक गंमत सुचली. शास्त्रज्ञ काय करतो ते दोन वाक्यांत उरकून मी पलीकडच्या आबांचं सांगायला लागले, पण आवाज एक बोट खाली आणून. त्यांना कान द्यावा लागला. त्याच्या पुढच्या रविवारी आणखी खाली. ते उंबऱ्यावर आले. मग आणखी. एके दिवशी आबा स्लॅबखाली माझ्या परातीशेजारी बसलेले होते आणि छातीवर कुणी बसल्याचं त्यांच्या लक्षात नव्हतं. मला वाटलं, जिंकलं. कसलं जिंकलं. मालिका संपली की ते काठी घेऊन लिंबाखाली.

आणि त्यांचा माझ्या सांगण्यावर विश्वास कसा बसला, तेही सांगायला हवं. वाडा महिनोन्‌महिने परमुलखात असायचा, तेव्हा घरी खुशाली कळायची ती तोंडी. कोणी पाहुणा, कोणी बाजारकरू, कोणी दुसऱ्या वाड्यावरचा भेटला, की सांगायचा, अमक्या गावी दिसले होते, बरे आहेत. हा निरोप. निरोप आणणाऱ्याला भाकरी द्यायची आणि त्यानं उलटा निरोप घेऊन जायचा, ही रीत. नेणाऱ्यानं नाही म्हणायचं नसतं. आबांनी माझं सांगणं गोष्ट म्हणून घेतलंच नव्हतं. निरोप म्हणून घेतलं होतं. त्यामुळं दुसऱ्या का तिसऱ्या रविवारी त्यांनी मला उलटा निरोप दिला. त्या कपाटातनं माणूस येतो-जातो, मग निरोप जायला काय हरकत, असा त्यांचा साधा हिशेब.

निरोप देण्याआधी त्यांनी माझी चूक काढली. मी पलीकडची मेंढरं गावाबाहेरच्या माळावर चारत ठेवली होती. आबांना काळजी पडली. दिवाळी होऊन इतके दिवस झाले आणि त्या म्हाताऱ्यानं अजून घाट उतरला नाही, म्हणजे तो आजारी तर नाही? मी घाबरून पुढच्या निरोपात सगळा वाडा एकदम कोकणात नेऊन ठेवला. त्यांनी माझ्याकडं बघितलं. “मेंढरं हायती का यष्टी?” त्यानंतर मी मुक्काम मोजूनमापून करायला लागले. कोणत्या गावाला कोणाच्या भातखाचरात मेंढरं बसवली, शेतकऱ्यानं खताच्या बदल्यात किती भात दिलं, सगळं. आबाच बोलता बोलता ठिकाणं सांगायचे, मी ती आठवडाभर मुरवून त्यांनाच परत वाढायची. दोन संसार झाले होते माझे. इकडं म्हैस आटली आणि तिकडं मेंढ्या व्यायल्या, दोन्ही मीच बघायची. लाइट गेली तर मला वाटायचं आज सुटले, पण आबा म्हणायचे, लाइट गेली म्हणून वाडा थांबतो व्हय?

त्यांचे प्रश्न मालिका लिहिणाऱ्याला सुचले नसते. तिथं कालवा आलाय का, हे त्यांनी विचारलं. मी म्हटलं, नाही आला, म्हणून तर चराई राहिली. त्यांचा चेहरा खुलला आणि लगेच पडला. मग बाया पाणी कुठून आणतात? मी म्हटलं, लांबून. ते हळहळले. दुसऱ्या दिवशी मी मोटर चालू करायला गेले तर आबा नळीपाशी उभे राहून पाण्याकडं बघत होते.

मग मी शहाणपणा केला. म्हटलं, पलीकडच्या आबांनी निरोप पाठवलाय, थंडी वाढलीय, तुम्ही घरात झोपा. मला वाटलं, आता कुठं जातील. आबा हसले. मेंढरं गेल्यापासून पहिल्यांदा हसले आणि हसता हसता खोकले. म्हणाले, त्याला काय कळतंय, तो सोता उघड्यावर पडलाय. माझी विज्ञानातली हुशारी तिथंच आटोपली.

खोकला आता कुंपणापासून घरात ऐकू यायला लागला होता. नवऱ्याला या सगळ्याची खबर पोरांकडून लागली. गुरुवारी तो घरी होता. चहा घेताना म्हणाला, “येड्यात काढतीस व्हय म्हाताऱ्याला?” मी म्हटलं, तुम्ही शहाण्यात काढा, तुमच्याशी तर ते बोलतही नाहीत. तो कप ठेवून उठला आणि दिवसभर मोटरसायकल पुसत बसला. पुसून पुसून ती गाडी झिजायची वेळ आली. त्याच्याही छातीवर कुणीतरी बसलं होतं, हे मला आता दिसतं. तेव्हा मला फक्त उष्टा कप दिसला.

आणि मग तो रविवार. पौषातलं ऊन, नुसतं दिसायला. मी टीव्हीचं दार सरकवत होते तर आबा दारात. मुंडासं बांधलेलं, घोंगडी खांद्यावर, काठी हातात, कमरेला पाण्याची बाटली. डोळे तापानं लाल. मी विचारलं, कुठं निघाला. म्हणाले, गडी सोडून गेलाय नव्हं त्येचा, एक माणूस कमी पडतंय तितं. खाली कोकणात जाऊन गाठतो.

गडी सोडून गेल्याचं मीच मागच्या निरोपात सांगितलं होतं. काहीतरी नवं घालायचं म्हणून. त्या तापात हा माणूस पायी निघाला असता तर दोन मुक्कामसुद्धा पोचला नसता, आणि अडवणार कोण? नवरा कामावर, पोरं खेळायला. मी दारात आडवी बसले. उभं राहायची ताकदच नव्हती, म्हणून बसले. टीव्हीवर त्या शास्त्रज्ञाचं कपाट धूर सोडत होतं. आबा म्हणाले, सर. मी सरले नाही. ते म्हणाले, तुझ्या पोराबाळांना आशीर्वाद, पण सर. मी नुसती बसून राहिले.

मग तेही टेकले. उंबऱ्याच्या पलीकडं ते, अलीकडं मी. दम लागला होता त्यांना. जरा वेळानं त्यांनी सहज विचारलं, “आन् तू? तितं तू काय करतीस?”

इतक्या आठवड्यांत त्यांनी हे विचारलं नव्हतं, आणि मीही ते कोणाला सांगितलं नव्हतं. सांगायचं नव्हतंच. पण मी बोलायला लागले. इंदापूरची शाळा, खळाची साडी, पंखा, टेबलावर पितळी घंटा. शेळगावात माझं लग्नच झालेलं नाही तिथं, मी या घरात कधी आलेच नाही. माझं बोलणं लांबत गेलं. पलीकडच्या वाड्याचं सांगताना मी आठवड्याला एक मुक्काम करायची, इथं मी सगळा घाट एका दमात उतरले. मग माझ्या लक्षात आलं, की आबा माझ्या हातांकडं बघतायत. हाताला पीठ होतं आणि अंगठ्याची चीर सकाळीच उललेली.

“मंग वाड्यावर भाकरी कोण टाकतं?”

“तुमीच टाकता,” मी म्हटलं.

मालिका संपली, पुढचा कुठला तरी शेतीचा कार्यक्रम सुरू झाला, त्यात एक माणूस डाळिंबावरच्या रोगाबद्दल सांगत होता. तेही आम्ही ऐकलं. मग आबांनी घोंगडी खांद्यावरून काढली आणि घसा साफ केला, निरोप देताना करायचे तसा.

“त्येला सांग, मला यायला जमायचं न्हाय. तुझ्याकडं मेंढरं हायती, ती मास्तरीण तिकडं बरी हाय. पर हितली दमलीया. तिच्याजवळ कोनतरी पायजे.”

मी नेणाऱ्याच्या रीतीप्रमाणं हो म्हटलं.

त्यांनी घोंगडी आत आणून भिंतीशी अंथरली आणि तिच्यावर आडवे झाले, स्लॅब दिसू नये म्हणून कुशीवर. संध्याकाळी नवरा आला, त्यानं बापाला आत झोपलेलं पाहिलं आणि पायातल्या चपला इतक्या हळू काढल्या, की मला हसू आलं. डॉक्टरांना तोच घेऊन आला. तुम्हाला वाटेल आता घर सुखी झालं. आबांची एक अट होती, दार उघडं राहिलं पाहिजे. त्या हिवाळ्यात आम्ही सगळे उघड्या दारात कुडकुडत झोपलो आणि मला जी सर्दी झाली ती शिमग्यापर्यंत पुरली. म्हातारा तेवढा खडखडीत बरा झाला. बापलेकांचं बोलणंही सुरू झालं, म्हणजे दाराच्या कडीवरून भांडण.

मालिका शेवट न दाखवताच बंद पडली. त्या जागी गाण्यांचा कार्यक्रम लागला. मला वाटलं, आता तरी रविवार माझा. पण आबा ठरल्या वेळी भिंतीला टेकून बसायचे. त्यानंतर ते बरीच वर्षं होते, आणि गंमत म्हणजे मेंढरांची चौकशी त्यांनी हळूहळू सोडली. तो म्हातारा सांभाळंल, म्हणायचे. ते विचारायचे त्या मास्तरीणबाईचं. मग मला तिचं सांगावं लागायचं. आधी मी तिला बढती दिली. मग बदली केली. मग तिची पोरं ऐकेनाशी झाली, पंखा बिघडला, पाठीत उसण भरली. का कोण जाणे, दर रविवारी ती मला थोडी थोडी दमताना दिसायला लागली. आबा ऐकून घ्यायचे, बाहेर लिंबाखालच्या बाजेकडं बघायचे. ती बाज त्यांनी कधी हलवू दिली नाही.

“म्हणावं,” ते सांगायचे, “लई दमलीस तर ये हिकडं. एक बाज रिकामी हाय.”